राणे, सरदेसाई, सावंत

कारवारच्या नौदल तळावर 'विक्रमादित्य' ही विमानवाहू युद्धनौका नांगरते. २०१३ साली ती भारतीय नौदलात दाखल झाली. त्याआधी ती सोव्हिएत आणि मग रशियन आरमारात होती. तिथे तिचे पहिले नाव 'बाकू', पुढचे 'अ‍ॅडमिरल गोर्शकोव'. सेर्गेई गोर्शकोव १९५६ ते १९८५ अशी जवळजवळ तीस वर्षे सोव्हिएत नौदलाचे प्रमुख होते आणि किनारा राखणारे आरमार त्यांनी महासागरात नेले. त्याच आडनावाचा आणखी एक माणूस, अलेक्सांद्र गोर्शकोव, १९७६ साली इन्सब्रुकच्या हिवाळी ऑलिंपिकमध्ये ल्युदमिला पाखोमोवाबरोबर बर्फावर उतरला. आइस डान्स हा प्रकार त्या वर्षी पहिल्यांदाच ऑलिंपिकमध्ये आला होता, आणि त्यातले पहिले सुवर्णपदक या जोडीने घेतले. एकाने पोलादाच्या नौका समुद्रात लोटल्या, दुसरा पोलादाच्या दोन पात्यांवर तोल सांभाळत फिरला. दोघांना एका पानावर आणते ते त्यांचे आडनाव.

पेडण्याच्या वाचकाला रशियन आडनावांचे नवल वाटणार नाही. मोरजीच्या किनाऱ्यावर रशियन लिपीतल्या पाट्या लागल्या त्याला पुष्कळ पावसाळे लोटले. पण गोर्शकोव हे नाव आपल्याकडे पर्यटकांबरोबर आले नाही, युद्धनौकेबरोबर आले. आणि ती नौका जिथे मुक्कामाला असते त्या कारवारच्या किनाऱ्यावर एका मराठी आडनावाच्या सैनिकाचा पुतळा आहे. मेजर रामा राघोबा राणे, परमवीर चक्र. राणे म्हटले की उत्तर गोव्यातल्या माणसाला कारवार आठवत नाही. त्याला साखळी आठवते, कारापूर आठवते, सत्तरीचे रान आणि नाणूसचा किल्ला आठवतो.

एकच आडनाव घेऊन रणांगणावर आणि मैदानावर उतरलेल्या माणसांची ओळख करून देणे हा या लेखनाचा विषय आहे, आणि त्यासाठी डिचोली-पेडण्याकडून पाहायला सुरुवात करावी असे मला वाटते. माझे म्हणणे आधीच सांगून टाकतो. आपल्या भागात सैनिकाच्या बाबतीत आडनावाने माणूस गिळून टाकला आहे. खेळाडूच्या नावापुढे धावा असतात, गोल असतात, गुण असतात. तो कुणाचाही असो, त्याचा हिशेब त्याच्याच नावावर राहतो. सैनिकाचा हिशेब मात्र आपण कुळाच्या खात्यात जमा करतो. 'राण्यांचे बंड' म्हणतो आणि पुढे जातो. त्या बंडात कोण होते, कोण कुठे पडले, कोण परतले, हे विचारायचे राहून जाते.

आडनावे इथे कशी टिकली हे समजल्याशिवाय पुढचे समजणार नाही. तिसवाडी, बारदेस आणि साष्टी हे जुन्या काबिजादीतले तालुके पोर्तुगिजांकडे सोळाव्या शतकात गेले. तिथे धर्मांतर झाले, आणि बाप्तिस्म्याच्या वेळी धर्मपित्याचे किंवा पाद्रीचे आडनाव नव्या ख्रिस्ती घराला मिळाले. म्हणून तिथल्या फर्नांडिस, परेरा किंवा रॉड्रिग्ज या नावांवरून कूळ कळत नाही, वतन कळत नाही. डिचोली, सत्तरी, पेडणे हे नव्या काबिजादीतले, म्हणजे मागाहून हाती आलेल्या मुलखातले. अठराव्या शतकात ते सावंतवाडीच्या भोसल्यांकडे होते. अनेक लढाया, तह आणि फेरतह होऊन १७८१च्या सुमारास डिचोली-साखळीचा भाग पोर्तुगिजांच्या हाती कायमचा आला आणि १७८८ मध्ये पेडणे आले. तोवर धर्मांतराचा जोर ओसरला होता. देवस्थाने, वतने आणि रीतिरिवाज जसेच्या तसे ठेवण्याच्या बोलीवर हा मुलूख घेतला गेला. त्यामुळे गावांची आडनावे राहिली: पेडणेकर, मांद्रेकर, कोरगावकर, पार्सेकर, डिचोलकर, मयेकर. हुद्द्यांची आणि मानाचीही राहिली: देसाई, सरदेसाई, देशप्रभू, सावंत, नाईक, परब, गावकर. या दुसऱ्या गटातली बरीच नावे कधीकाळी हत्यार बाळगण्याशी, निदान हत्यारबंद माणसे बाळगण्याशी जोडलेली होती. नाईक हा तर आजही भारतीय लष्करातला हुद्दा आहे. शिवकाळातल्या बहिर्जी नाईकांपासून भारतीय फुटबॉल संघाच्या बचावफळीत खेळलेल्या गोव्याच्या समीर नाईकपर्यंत हे नाव किती वेगवेगळ्या जातींत आणि प्रांतांत पसरले आहे, ते पाहिले म्हणजे आडनावावरून नाते जोडण्याचा मोह आवरता येतो.

राणे घराण्याची परंपरा मूळ राजपुतान्यात नेली जाते. कागदपत्रांत ते ठळकपणे दिसतात ते सत्तरीचे वतनदार म्हणून, सरदेसाई या मानासह. एका बाजूला वाडीचे भोसले, दुसऱ्या बाजूला पणजीचे फिरंगी आणि मधे रानाळ, डोंगराळ, नद्यांनी कापलेला मुलूख. ज्याच्या हाती ही वाट, त्याला दोन्ही सत्ता विचारणार. राण्यांनी कधी एकाला, कधी दुसऱ्याला साथ दिली. याला आज कुणी फितुरी म्हणेल, पण सरहद्दीवर राहणाऱ्या प्रत्येक वतनदाराला हेच करावे लागत होते. मोठ्या सत्ता आपापसांत तह करताना मधल्या मुलखाला विचारत नव्हत्या. पोर्तुगिजांचा अमल पक्का झाल्यावर मात्र भांडण एकाच सत्तेशी उरले. ज्या हक्कांच्या बोलीवर मुलूख त्यांच्याकडे गेला होता, त्याच हक्कांवर कर, मोजणी आणि अधिकाऱ्यांची दांडगाई यांचा घाला पडू लागला.

२६ जानेवारी १८५२ रोजी दीपाजी राणे यांनी उठाव केला आणि नाणूसचा किल्ला ताब्यात घेतला. तारखेचा योगायोग आज कुणालाही जाणवेल, पण मला त्या तारखेपेक्षा त्या उठावाची लांबी महत्त्वाची वाटते. तो १८५५ पर्यंत चालला आणि सरकारला शेवटी तडजोड करावी लागली. रानातल्या माणसांनी तीन पावसाळे बंदुका कोरड्या ठेवल्या, माणसांना खाऊ घातले, बातम्या राखल्या. जंगलातल्या लढाईत शौर्याइतकीच गरज पुरवठ्याची असते, आणि पुरवठा गावे करतात. त्या गावांत राणे थोडे आणि इतर फार होते. गावस होते, गावकर होते, परब होते, आडनाव न लावणारे धनगर आणि कुळवाडी होते. दीपाजींचे नाव आपल्याला माहीत आहे, हे चांगलेच. त्यांना तीन वर्षे जगवणाऱ्यांची नावे शोधणे हे काम अजून बाकी आहे.

कुष्टोबा राण्यांचे बंड १८६९ ते १८७१ मधले. ते मारले गेले आणि लोककथेत गेले. एकटा माणूस, मागे लागलेली फौज, रात्रीत डोंगर ओलांडणे, गरिबांना हात न लावणे, या सगळ्यांनी कुष्टोबांचे चित्र रंगले. गंमत अशी की जुन्या काबिजादीतल्या ख्रिस्ती घरांतल्या दुलपद या लोकगीतांतही राण्यांच्या धाडींची धास्ती गायली गेली. एकाच माणसाला डोंगराच्या एका बाजूला नायक आणि दुसऱ्या बाजूला भय मानले जात होते. या दोन्ही आठवणी खऱ्या आहेत. राण्यांवर लिहिणाऱ्याने त्यांतली एक गाळली, तर त्याच्या हाती अर्धेच गोवे राहील.

माझ्या दृष्टीने सर्वांत मोलाचे प्रकरण १८९५चे आहे, आणि नेमके तेच आडनावाखाली दडले आहे. ते बंड राण्यांनी सुरू केलेच नव्हते. पोर्तुगीज सैन्यातल्या मराठा शिपायांना त्या सप्टेंबरात मोझांबिकला जाण्याचा हुकूम झाला. आफ्रिकेत पोर्तुगिजांची लढाई पेटली होती आणि त्यांना गोव्याची माणसे तिथे हवी होती. समुद्रापार गेल्यावर आपल्या धर्माचाराचे काय आणि मागे राहिलेल्या घरच्यांच्या पोटाचे काय, हे शिपायांचे प्रश्न होते. समाधान झाले नाही तेव्हा ते हत्यारांसह निघाले आणि सत्तरीत नाणूसला जाऊन बसले. तिथे त्यांना राणे येऊन मिळाले. अडवईच्या दादा राण्यांचे नाव पुढे आले. लिस्बनहून राजा कार्लुशचा सख्खा भाऊ दों आफोंसु फौज घेऊन गोव्यात आला. १८९७ मध्ये माफी जाहीर झाली. हे सगळे 'राण्यांचे बंड' म्हणून नोंदले गेले. आपल्यावर चाल करून न आलेल्या लोकांशी लढायला आफ्रिकेत जाणार नाही, असे म्हणणारा तो शिपाई कोण होता? पेडण्याचा होता की डिचोलीचा? त्याला नाव असणारच. सैन्याच्या हजेरीपटावर ते कुणीतरी दररोज उच्चारलेही असेल. राणे आडनावाचा सन्मान करताना या शिपायांना त्याच आडनावाच्या सावलीत उभे करून विसरणे हा त्यांच्यावर अन्याय आहे, आणि राण्यांनाही त्यातून काही मिळत नाही. ज्यांना त्यांनी आश्रय दिला ते कोण, हे कळले तर त्यांच्या आश्रयाचे मोल वाढते.

१९१२ मध्ये शेवटचा उठाव झाला आणि तो मोडला गेला. त्यानंतर सहा वर्षांनी, २६ जून १९१८ रोजी, गोव्याच्या सरहद्दीपलीकडे कारवारजवळच्या चेंडिये गावी रामा राघोबा राणे यांचा जन्म झाला. सत्तरीच्या राण्यांशी त्यांची वंशावळ जुळवून दाखवायची मला गरज वाटत नाही. वडील पोलिसात होते. मुलगा १९४०च्या जुलैत बॉम्बे सॅपर्समध्ये, म्हणजे पुण्याच्या खडकीत, भरती झाला आणि आपल्या तुकडीतला सर्वोत्तम रिक्रूट म्हणून त्याला कमांडंटची छडी मिळाली. ब्रह्मदेशात बुथिदाँगपाशी माघारीच्या वेळी महत्त्वाच्या गोष्टी उद्ध्वस्त करण्यासाठी मागे ठेवलेल्या माणसांत ते होते. त्यांना नौदलाने उचलून न्यायचे ठरले होते, ते जमले नाही. जपानी गस्तीच्या नजरा चुकवत त्यांनी आपली माणसे नदीपार काढली आणि डिव्हिजनला जाऊन मिळवली.

सॅपर म्हणजे काय हे थोडे सांगायला हवे. तो पायदळाच्या पुढे असतो आणि त्याच्या हातात बहुधा बंदूक नसते. पहार असते, सुरुंग शोधायची सळई असते, स्फोटकांची पेटी असते. त्याच्यावर गोळ्या झाडल्या जातात आणि त्याने उत्तर न देता काम करत राहायचे असते. १९४८च्या एप्रिलात, काश्मीरच्या लढाईत, नौशेऱ्याहून राजौरीकडे जाणाऱ्या रस्त्यावर सेकंड लेफ्टनंट राणे यांनी जे केले ते या कामाचे टोक आहे. ८ एप्रिलला ३७ असॉल्ट फील्ड कंपनीची त्यांची तुकडी ४ डोगरा पलटणीबरोबर पुढे निघण्याच्या तयारीत असताना उखळी तोफांचे गोळे आले. दोघे ठार झाले, पाच जखमी. त्या पाचांत राणे होते. त्यांनी तुकडी पुन्हा बांधली आणि रणगाड्यांसाठी वाट करायला घेतली. बारवालीचा डोंगर दुपारी हाती आला, पण शत्रू पुरता हटला नव्हता. तरी ते माणसे घेऊन पुढे गेले आणि रात्री दहापर्यंत वळणरस्ता खणत राहिले. दुसऱ्या दिवशी सकाळी सहा ते तीन पुन्हा तेच. मग सगळ्यांत पुढच्या गाडीत बसून ते निघाले. अर्ध्या मैलावर रस्त्यात आडवी टाकलेली पाइनची झाडे. उतरून ती सुरुंगाने उडवली. तीनशे यार्डांवर पुन्हा झाडे. पुढे उडवलेली मोरी. संध्याकाळ होता होता पाच मोठी झाडे, सभोवती पेरलेले सुरुंग आणि वरून मशीनगनचा मारा. १० तारखेला पहाटे पावणेपाचला त्यांनी तो अडथळा हाती घेतला आणि साडेसहाला रस्ता मोकळा झाला. दुपारी दोनला फौज चिंगसला पोहोचली. राणे मात्र तिथे थांबले नाहीत. मागचा रस्ता वाहनांसाठी नीट व्हावा म्हणून अन्नविश्रांतीवाचून रात्री नऊपर्यंत काम करत राहिले, आणि ११ तारखेला सकाळी सहापासून रात्री दहापर्यंत पुन्हा.

हे वेळापत्रक मी मुद्दाम इतके सविस्तर दिले. शौर्य म्हटले की आपल्याला एक क्षण दिसतो: उडी, हाक, झेंडा. राण्यांचे शौर्य जखमी मांडीने केलेल्या चार दिवसांच्या कष्टाचे आहे. रस्ता बांधणाऱ्या मुकादमाला ते लगेच समजेल. परमवीर चक्र हयातीत मिळालेले ते पहिले सैनिक. १९६८ साली मेजर म्हणून निवृत्त झाले, काही काळ पुन्हा सेवेत राहिले, आणि ११ जुलै १९९४ रोजी पुण्यात वारले. १९८४ साली शिपिंग कॉर्पोरेशनच्या एका तेलवाहू जहाजाला त्यांचे नाव दिले गेले. २०२३च्या जानेवारीत परमवीरांच्या नावाने अंदमानातल्या एकवीस बेटांचे नामकरण झाले, त्यांत एक त्यांच्या नावाचे आहे. खडकीच्या याच बॉम्बे सॅपर्समध्ये भरती झालेला नाशिक जिल्ह्यातला दत्तू भोकनळ पुढे लष्करातच नौकानयन शिकला आणि २०१६च्या रिओ ऑलिंपिकमध्ये उतरला. सैनिक आणि खेळाडू हे दोन कप्पे आपण कागदावर पाडतो. पलटणीत ते एकाच माणसात सापडतात.

सरदेसाई या नावाकडे वळताना मला नेहमी एक विलक्षण जुळणी दिसते. वाडीचे भोसले कुडाळ प्रांताचे सरदेसाई. साखळी-सत्तरीचे राणेही सरदेसाई. ज्यांनी एकमेकांच्या मुलखात फौजा घातल्या, त्यांचा हुद्दा एकच. शिवाय गोव्यात सारस्वत घरांत हे आडनाव पुष्कळ; सावईवेऱ्याचे कथाकार लक्ष्मणराव सरदेसाई मराठी वाचकाला परिचित आहेतच. महसूल गोळा करणे, देशमुखीचे हक्क सांभाळणे आणि वेळप्रसंगी माणसे घेऊन उभे राहणे, अशी ही जबाबदारी होती. तिचा लष्करी भाग केव्हाच संपला आणि आडनाव शाळांच्या पटांवर, वकिलांच्या पाट्यांवर उरले. ते वेस्ट इंडीजच्या धावफलकांवर जाईल असे कुणाच्या मनात आले नसते.

दिलीप सरदेसाई यांचा जन्म ८ ऑगस्ट १९४० रोजी मडगावचा. पोर्तुगीज गोव्यात खेळ म्हणजे फुटबॉल. क्रिकेटची चेंडूफळी गल्लीत चालायची, पण खेळपट्टी, सामने, प्रशिक्षक असे काही नव्हते. १९५७ साली घर मुंबईला आले, सरदेसाई विल्सन कॉलेजात गेले आणि चार वर्षांत, गोवा मुक्त होण्याच्या त्याच महिन्यात, डिसेंबर १९६१ मध्ये कानपूरला इंग्लंडविरुद्ध कसोटी खेळले. १९६५ साली मुंबईत न्यूझीलंडविरुद्ध फॉलोऑननंतर नाबाद २०० धावा काढल्या. पण त्यांचे खरे काम १९७१च्या वेस्ट इंडीज दौऱ्यातले. त्या दौऱ्यात सुनील गावसकरांच्या ७७४ धावा झाल्या आणि लोकांना त्याच आठवतात. क्रम मात्र ध्यानात घ्यायला हवा. किंग्स्टनच्या पहिल्या कसोटीत गावसकर नव्हते. भारताचे पाच गडी ७५ धावांत परतले होते. तिथून सरदेसाईंनी एकनाथ सोलकरला सोबत घेऊन १३७ धावांची भागी केली, पुढे एरापल्ली प्रसन्नासोबतही लांब टिकले आणि स्वतः २१२ केल्या. संघ ३८७ वर गेला आणि वेस्ट इंडीजला फॉलोऑन घ्यावा लागला. सामना बरोबरीत सुटला तरी भीतीची बाजू बदलली. पोर्ट ऑफ स्पेनला त्यांनी ११२ केल्या आणि भारताने वेस्ट इंडीजला पहिल्यांदाच कसोटीत हरवले. ब्रिजटाउनला ७० धावांत सहा गडी गेल्यावर पुन्हा सरदेसाई आणि पुन्हा सोलकर. या वेळी सरदेसाईंच्या १५०. मालिकेत एकूण ६४२. मोडत चाललेली फळी धरून उभे राहण्याचे हे काम ज्या आडनावाने केले, ते आडनाव कधीकाळी हेच काम हत्यार घेऊन करत होते, असे वाक्य लिहायचा मोह होतो. मी तो टाळतो. त्या धावा मडगावच्या एका मुलाने मुंबईच्या मैदानांवर उन्हात तासन् तास खेळून कमावल्या होत्या. त्यांत वतनाचा वाटा नाही. २००७ साली ते गेले. गोव्यात जन्मून भारतासाठी कसोटी खेळलेले ते एकमेव खेळाडू आहेत.

जुन्या काबिजादीच्या आडनावांतही ही जोडी दिसते. १९४८च्या लंडन ऑलिंपिकमध्ये स्वतंत्र भारताला हॉकीचे पहिले सुवर्णपदक मिळवून देणाऱ्या संघात रेजिनाल्ड रॉड्रिग्ज होते. त्यांच्याबरोबर पिंटो, डिसोझा, फर्नांडिस, वाझ ही नावेही होती. मूळ गोव्याच्या घरातले जनरल सुनीथ फ्रान्सिस रॉड्रिग्ज १९९० ते १९९३ या काळात भारताचे लष्करप्रमुख होते आणि २०२२ साली गोव्यातच वारले. पोर्तुगीज आडनाव, भारतीय गणवेश. १९६१ नंतर गोव्याविषयी ज्यांनी शंका बोलून दाखवल्या त्यांना याहून सरळ उत्तर नाही.

सावंत हे नाव आज डिचोली-पेडण्यात घरोघर आहे. इतिहासात ते वाडीकर भोसल्यांच्या नावांत खेम सावंत, फोंड सावंत, लखम सावंत असे येते. पेडणे आणि डिचोली त्यांच्याच अमलाखाली होती. १८४४च्या सावंतवाडीच्या उठावात आणखी एक फोंड सावंत आपल्या मुलांसह उतरले आणि इंग्रजांच्या पाठलागात ही मंडळी गोव्याच्या हद्दीत शिरली. सरहद्द ओलांडून आसरा घेणे हा दोन्हीकडच्या बंडखोरांचा जुना रिवाज होता, आणि त्यात पेडण्याची वाट नेहमीची. याच आडनावाच्या कोल्हापूरच्या तेजस्विनी सावंत यांचे वडील नौदलात होते. मुलीने रायफल हाती घेतली ती खेळासाठी. २००६ साली मेलबर्नच्या राष्ट्रकुल स्पर्धेत त्यांना दोन सुवर्णे मिळाली. २०१० साली म्युनिकला ५० मीटर प्रोन प्रकारात त्या जगज्जेत्या झाल्या. नेमबाजीत हे पद मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय महिला. २०१८ साली गोल्ड कोस्टला पुन्हा सुवर्ण. प्रोन म्हणजे जमिनीवर पालथे पडून नेम धरणे, ही मूळ सैनिकाचीच बैठक. तिच्यातून युद्ध काढून घेतले की उरतो श्वास, हाताची स्थिरता आणि पन्नास मीटरवरचा नाण्यापेक्षा लहान मधला गोल.

पेडण्यातली दोन नावे मात्र उलट्या वाटेने गेली. गावची पोरे आडनाव घेऊन बाहेर पडली आणि बाहेरच्या जगाने ते आडनाव बदलून टाकले, किंवा बाहेरचा माणूस आला आणि गावाचे नाव घेऊन गेला. केरीचे जिवाजी बल्लाळ केरकर शिंद्यांच्या फौजेत वाढले, बक्षी झाले, आणि महादजींनंतर १७९५च्या खर्ड्याच्या लढाईत शिंद्यांच्या सैन्याचे नेतृत्व त्यांच्याकडे होते. इतिहास त्यांना जिवबादादा बक्षी म्हणतो. केरकर हे नाव मागे पडले. दुसरी गोष्ट हळर्णच्या किल्ल्याची. १७४६च्या मे महिन्यात व्हाइसरॉय पेद्रु मिगेल द आल्मैद यांनी तो भोसल्यांकडून घेतला आणि बक्षीस म्हणून त्यांना 'मार्किझ द आलोर्न' ही पदवी मिळाली. किल्ला पुढे हातातून गेला, पुन्हा आला. पदवी लिस्बनमध्ये राहिली. त्या घराण्याचे तिसरे मार्किझ नेपोलियनच्या पोर्तुगीज लिजनचे सेनापती म्हणून १८१२च्या रशियन मोहिमेत गेले आणि १८१३च्या प्रारंभी क्योनिग्सबर्गला मरण पावले. ते शहर आज कालिनिनग्राद या नावाने रशियात आहे. शापोऱ्याच्या काठच्या एका गावाचे नाव धारण केलेला सेनापती बर्फातून माघार घेणाऱ्या फौजेबरोबर तिथवर पोहोचला होता, हे पेडण्याच्या किती शाळांत सांगितले जाते?

पुढे या विषयात काम करणाऱ्यांसाठी काही व्यवहाराच्या गोष्टी. नावे शोधताना पोर्तुगीज स्पेलिंग वेगळी धरावीत. कुष्टोबा तिथे C-ने सुरू होतात पण कागदोपत्री अनेक रूपांत येतात, आणि देसाई-सरदेसाई या नावांत s दोनदा लिहिलेला असतो. मराठी, मोडी आणि पोर्तुगीज अशा तिन्ही कागदांत एकाच माणसाची तीन नावे निघू शकतात. स्त्री खेळाडूंची नोंद त्यांनी ज्या नावाने स्पर्धा खेळली त्या नावाखाली करावी. लग्नानंतरच्या आडनावाने त्यांची पदके दुसऱ्या घराच्या यादीत जाऊ नयेत. बंडांच्या नोंदीत राणे नसलेल्या प्रत्येकाला स्वतंत्र जागा द्यावी, मग नावापुढे फक्त गाव लिहिता आले तरी चालेल. आणि ज्या घरांत आजोबांचे सैन्यातून सुटल्याचे पुस्तक, पलटणीचा गटफोटो, पदकांची डबी किंवा शालेय स्पर्धांची पिवळी पडलेली प्रमाणपत्रे असतील, त्यांनी ती पुढच्या पावसाळ्याच्या आधी कोरड्या जागी काढून ठेवावीत, फोटोतल्या माणसांची नावे घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारून कागदाच्या मागे पेन्सिलीने लिहावीत, आडनावासकट आणि गावासकट.